सूर्याचे शेजारी तारे आणि ते आपल्या आकाशात कसे शोधायचे: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

आकाशदर्शनाच्या रात्री डोळे अंधाराला सरावायच्या आतच लोक विचारू लागतात, "यातला सगळ्यांत जवळचा तारा कुठला?" उत्तर ऐकून बहुतेकांचा विरस होतो, कारण तो डोळ्यांना दिसतच नाही. पण त्याच्या शेजारचा दिसतो. महाराष्ट्रातून आणि गोव्यातून दिसतो, वर्षातून काही आठवडे, क्षितिजाच्या जरासा वर. तो पाहिलेली माणसं फारच कमी भेटतात, याची मला मनापासून हळहळ वाटते. म्हणून हे सगळं एकदा नीट लिहून ठेवतो आहे.

सूर्याला सगळ्यांत जवळचा तारा कोणता?

प्रॉक्झिमा सेंटॉरी. अंतर ४.२४ प्रकाशवर्षं. १९१५ साली रॉबर्ट इनिस यांनी जोहान्सबर्गच्या वेधशाळेतून तो शोधला. तो लाल बटू जातीचा आहे, म्हणजे लहान, थंड आणि मंद. त्याची प्रत (ताऱ्याच्या तेजाचं माप; आकडा मोठा तितका तारा फिकट) साधारण ११. खेड्यातल्या काळ्याकुट्ट अंधारातही आपले डोळे जेमतेम सहाव्या प्रतीपर्यंत पोचतात, आणि पाच प्रतींचा फरक म्हणजे शंभरपट. तेव्हा डोळ्यांना दिसणाऱ्या सगळ्यांत फिकट ताऱ्यापेक्षाही हा शंभरपट फिकट.

डोळ्यांना दिसणारा सगळ्यांत जवळचा तारा म्हणजे अल्फा सेंटॉरी, नरतुरंग तारकासमूहातला मित्र. अंतर ४.३७ प्रकाशवर्षं. डोळ्यांना एकच ठिपका दिसतो, पण ते दोन तारे आहेत. एक आपल्या सूर्यासारखाच, किंचित मोठा. दुसरा सूर्याहून थोडा लहान आणि नारिंगी. दोघांची एकमेकांभोवतीची फेरी सुमारे ८० वर्षांची. प्रॉक्झिमा हाही त्याच कुटुंबातला, फक्त खूप लांब राहून त्या दोघांभोवती लाखो वर्षांची एकेक प्रदक्षिणा घालणारा.

मित्र जोडतारा आहे, हे पहिल्यांदा कळलं ते भारतातून. डिसेंबर १६८९ मध्ये पुदुच्चेरीत झाँ रिशो नावाचे फ्रेंच जेझुइट पाद्री धूमकेतू बघत होते. दुर्बीण त्या बाजूला वळलेली असताना त्यांना हा तारा दुहेरी दिसला.

प्रकाशवर्ष हे काळाचं माप की अंतराचं?

अंतराचं. प्रकाश एका वर्षात जितका जातो तितकं, म्हणजे सुमारे ९.४६ लाख कोटी किलोमीटर. सूर्याचा प्रकाश आपल्यापर्यंत ८ मिनिटं २० सेकंदांत येतो. मित्राचा यायला चार वर्षं आणि वर साडेचार महिने लागतात.

एवढ्या शून्यांनी काहीच डोळ्यांसमोर येत नाही. सोपं करून सांगाल?

सूर्य खेळायच्या गोटीएवढा करा, जेमतेम दीड सेंटिमीटरचा. ती गोटी मुंबईत ठेवा. पृथ्वी तिच्यापासून दीड मीटरवर येईल, डोळ्यांना धड दिसणारही नाही इतकी बारीक. नेपच्यून ४५ मीटरवर. म्हणजे अख्खी ग्रहमाला एखाद्या शाळेच्या मैदानात मावली. आता पुढची गोटी कुठे ठेवायची? पणजीला. मुंबई ते पणजी सरळ रेषेत चारशे किलोमीटरच्या थोडं वर भरतं, आणि या प्रमाणात मित्राचं अंतर तेवढंच येतं. प्रॉक्झिमा म्हणजे पणजीच्या थोडा अलीकडे पडलेला मोहरीचा दाणा. व्याध बंगळुरूच्या आसपास, आवळ्याएवढा. मधल्या साऱ्या प्रदेशात जवळपास काहीच नाही. कोकण रेल्वेने रात्रभर प्रवास करताना मला हे हटकून आठवतं.

मित्र महाराष्ट्रातून खरंच दिसतो का? पुस्तकात तर तो दक्षिण गोलार्धातला तारा म्हणून दिलेला असतो.

दिसतो. तो आकाशाच्या विषुववृत्तापासून जवळजवळ ६१ अंश दक्षिणेला आहे. तेव्हा उत्तर अक्षांश २९च्या खाली राहणाऱ्या कोणालाही तो क्षितिजावर येताना दिसायला हवा. दिल्लीत तो क्षितिजाला टेकून जातो, धुळीमुळे प्रत्यक्षात दिसत नाही. नागपुरात सर्वांत वर असताना त्याची उंची ८ अंश, मुंबईत १०, पुण्यात साडेदहाच्या वर, कोल्हापुरात साडेबारा, पणजीत जवळजवळ १४. हात लांब करून मूठ धरली की ती साधारण १० अंश व्यापते. म्हणजे मित्र क्षितिजापासून मूठभर उंच, गोव्यात जेमतेम दीड मूठ. तिथे तो थोडा वेळ रेंगाळतो आणि पुन्हा खाली उतरतो.

वेळ साधणं सगळ्यांत महत्त्वाचं. तो बरोबर दक्षिणेला, म्हणजे स्वतःच्या सर्वोच्च जागी येतो तो १५ एप्रिलला मध्यरात्रीनंतर पावणेदोनच्या सुमारास, १ मेला पाऊण वाजता, १५ मेला रात्री पावणेबाराला आणि १ जूनला साडेदहाच्या सुमारास. त्याच्या तासभर आधी आणि नंतरही चालतं. जूनमध्ये वेळ आणखी सोयीची होते, पण तोवर ढग येतात. म्हणून एप्रिलचा शेवट ते मेचा मध्य, आणि त्यातही अमावास्येच्या आसपासच्या रात्री, हेच त्याचे खरे दिवस. तळकोकणात मेच्या उत्तरार्धात संध्याकाळी ढग भरून येऊ लागतात, तिथल्यांनी आधीच उरकावं.

आता शोधायचं कसं. मेच्या पहिल्या पंधरवड्यात रात्री दहाच्या सुमारास दक्षिणेकडे तोंड करून उभे राहा. क्षितिजावर पतंगाच्या आकाराचे चार तारे उभे दिसतील. तो त्रिशंकू. त्याच्या डाव्या हाताला, म्हणजे पूर्वेला, दोन ठळक तारे मागोमाग वर येतात, एकमेकांपासून अर्ध्या मुठीच्या आत. त्रिशंकूला जवळचा तो बीटा सेंटॉरी. मागून येणारा, जास्त तेजस्वी आणि किंचित पिवळसर, तो मित्र. त्रिशंकू सर्वोच्च जागी आल्यानंतर सुमारे दोन तासांनी मित्र त्याच्या जागी पोचतो.

त्या दोघांकडे जरा जास्त वेळ बघा. शेजारी-शेजारी दिसतात, पण बीटा सेंटॉरी जवळजवळ चारशे प्रकाशवर्षं दूर आहे. एक उंबऱ्यावरचा, तर दुसऱ्याचा जो प्रकाश आपण पाहतो तो शिवाजी महाराजांच्या जन्माच्या आगेमागे निघालेला.

मी पुण्यातून प्रयत्न केला, दिसला नाही. काय चुकलं असेल?

बहुधा दक्षिण क्षितिज मोकळं नव्हतं. दहा अंशांत दोन मजल्यांची इमारतही आड येते. शिवाय इतक्या खाली प्रकाश हवेच्या खूप जाड थरातून येतो. मेमधल्या धुरकट हवेत एक-दोन प्रती सहज उतरतात. एरवी आकाशातला तिसऱ्या क्रमांकाचा तेजस्वी तारा असूनही इथून तो साधासुधा वाटतो. शहर दक्षिणेला पडेल अशी जागा निवडू नका, म्हणजे पुणेकरांनी उत्तरेला भोसरीकडे जाण्याऐवजी दक्षिणेला घाटाकडे जावं. कोकणातले सडे यासाठी फार उत्तम: सपाट, उघडे, आणि आड येणारी झाडं नाहीत. मी मित्र पहिल्यांदा पाहिला तो अशाच एका जांभ्याच्या सड्यावरून, सलग तिसऱ्या वर्षी प्रयत्न केल्यावर. आधीची दोन वर्षं धुक्याने खाल्ली होती. त्या रात्री तो दिसला तेव्हा बरोबर कोणी नव्हतं आणि मी मोठ्याने "आला!" म्हणालो, एवढं अजून लख्ख आठवतं.

आम्ही परदेशात आहोत. आम्हाला दिसेल का?

लंडन, न्यू जर्सी, टोरांटो इथून कधीच नाही. तिथल्या नातेवाइकांना आपण हे मेमध्ये सुट्टीवर आल्यावर दाखवू शकतो. सिंगापूरहून चांगला दिसतो. मॉरिशसमधल्या मराठी मंडळींना तो मेमध्ये जवळपास ५० अंशांवर, अर्ध्या आकाशात चढलेला दिसतो. सिडनी-मेलबर्नमध्ये तो मावळतच नाही.

मेची वाट न बघता आजच एखादा जवळचा तारा बघायचा तर?

हिवाळा किंवा उन्हाळ्याची सुरुवात असेल तर व्याध. ८.६ प्रकाशवर्षं. रात्रीच्या आकाशातला सगळ्यांत तेजस्वी तारा. शहराच्या मधोमध, गच्चीवर हॅलोजन लावलेला असला तरी दिसतो. मृगाच्या पोटातले एका ओळीतले तीन तारे म्हणजे व्याधाने मारलेला बाण. ती रेघ आग्नेयेकडे वाढवली की सरळ व्याधावर पोचते आणि उलट वायव्येकडे नेली की रोहिणीच्या बाजूला. रोहिणीमागे लागलेल्या हरणाला व्याधाने तीन कांडांच्या बाणाने विंधलं, ही कथा ऐतरेय ब्राह्मणात आहे. आकाशात बाण, हरीण आणि शिकारी आजही त्याच रांगेत उभे आहेत. एवढी चांगली खूण दुसऱ्या कुठल्या ताऱ्याला नाही.

३१ डिसेंबरच्या मध्यरात्री बाहेर असाल तर दक्षिणेला वर बघा. साडेबारा-पाऊणच्या सुमारास तो आपल्या सर्वोच्च जागी असतो. फेब्रुवारीच्या मध्यात तीच वेळ रात्री पावणेदहाची होते. उगवताना खाली असला की तो लाल-हिरवा-निळा असा लखलखतो. ते रंग त्याचे नाहीत, आपल्या हवेचे आहेत. वर चढल्यावर शुभ्र होतो.

व्याधाला एक जोडीदार आहे. १८४४ मध्ये फ्रीड्रिश बेसेल यांनी व्याधाच्या किंचित नागमोडी चालीवरून सांगितलं की कोणीतरी न दिसणारं त्याला ओढतंय. १८६२ च्या जानेवारीत अमेरिकेत अल्व्हन ग्रॅहम क्लार्क नवी भिंग-दुर्बीण तपासत होते, तेव्हा तो प्रत्यक्ष दिसला. तो श्वेत बटू आहे: आकार पृथ्वीएवढा, वस्तुमान सूर्याएवढं.

जूनमध्ये मृग नक्षत्र लागतं. मग तेव्हा मृग आणि व्याध का दिसत नाहीत?

हा प्रश्न मला फार आवडतो. पेरणीच्या पंचांगात "मृग लागला" म्हणजे सूर्य मृग नक्षत्रात आला, साधारण ७-८ जूनला. सूर्य ज्या ताऱ्यांसमोर उभा असतो ते तारे दिवसा आकाशात असतात आणि त्याच्याच बरोबर मावळतात. म्हणून मृगाचा पाऊस पडतो तेव्हा मृग रात्री दिसूच शकत नाही. शेतकऱ्याचा मृग आणि आकाशदर्शकाचा मृग, एकच तारे, सहा महिन्यांच्या अंतराने.

जास्त तेजस्वी म्हणजे जास्त जवळ ना?

नाही, आणि हा गैरसमज जायला हवा. थंडीत व्याधाच्या खाली दक्षिणेला अगस्त्य दिसतो, तेजात दुसऱ्या क्रमांकाचा. व्याध ८.६ प्रकाशवर्षांवर, अगस्त्य तीनशेहून अधिक प्रकाशवर्षांवर. मृगातला राजन्य आठशेच्या वर. ते खरोखरचे प्रचंड दिवे आहेत, म्हणून एवढ्या लांबून दिसतात. उलट आपल्या शेजारचे बहुतेक तारे लाल बटू आहेत, चारातले तीन तरी, आणि त्यांतला एकही नुसत्या डोळ्यांना दिसत नाही. बारा प्रकाशवर्षांच्या आतले डोळ्यांना दिसणारे ठिपके मोजले तर अवघे सात भरतात: मित्र, व्याध, यमुना समूहातला एप्सिलॉन एरिडानी, ६१ सिग्नी, प्रश्वा, एप्सिलॉन इंडी आणि टाऊ सेटी.

या सातांतले उरलेले पाच कसे शोधायचे?

प्रश्वा सोपा. व्याध, मृगाच्या खांद्यावरचा लालसर काक्षी आणि प्रश्वा मिळून जवळजवळ समभुज त्रिकोण होतो. अंतर साडेअकरा प्रकाशवर्षं.

एप्सिलॉन एरिडानीसाठी जानेवारीत रात्री नऊच्या सुमारास राजन्यापासून सरळ पश्चिमेला अडीच मुठी जा. तिथे साधारण सारख्याच तेजाचे दोन तारे जवळजवळ आहेत. त्यांतला पश्चिमेकडचा हा, साडेदहा प्रकाशवर्षांवर. टाऊ सेटी तिमिंगलात, डिसेंबरात रात्री आठ-नऊला दक्षिणेकडे अर्ध्या उंचीवर. सूर्यासारखा पण थोडा लहान आणि मंद, सुमारे १२ प्रकाशवर्षं दूर. १९६० मध्ये फ्रँक ड्रेक यांनी अमेरिकेतल्या ग्रीन बँकच्या रेडिओ दुर्बिणीने परग्रहावरच्या कोणाचा तरी संदेश ऐकू येतो का ते पाहिलं, तेव्हा कान लावण्यासाठी निवडलेले दोन तारे हेच होते. काही ऐकू आलं नाही. पण दोन्ही तारे गावाकडच्या अंगणातून दिसतात, आणि ही गोष्ट माहीत असली की त्या फिकट ठिपक्यांकडे बघायची नजरच बदलते.

६१ सिग्नी हंसात आहे, पाचव्या प्रतीच्या आसपास, म्हणजे खरोखर अंधाऱ्या जागेतूनच. साध्या द्विनेत्रीतून (दोन्ही डोळ्यांनी बघायच्या छोट्या दुर्बिणीतून) लगेच सापडतो. एप्सिलॉन इंडी आपल्याकडून दक्षिणेला फार खाली आणि मंद. सरावलेल्यांनीच नादी लागावं.

सातांत नसला तरी श्रवण चुकवू नका. १६.७ प्रकाशवर्षं. सप्टेंबरअखेर ते ऑक्टोबर, रात्री आठला जवळजवळ डोक्यावर. दोन्ही बाजूंना एकेक फिकट तारा, श्रवणबाळाच्या कावडीसारखा. कोजागिरीच्या चांदण्यातही दिसतो.

बर्नार्डचा तारा पाहता येईल का?

दुर्बिणीतून येईल. ५.९६ प्रकाशवर्षं, भुजंगधारी समूहात, प्रत साडेनऊ. तीन-चार इंची दुर्बीण आणि चांगला नकाशा हवा. दिसायला तो अगदी सामान्य लाल ठिपका आहे. गंमत त्याच्या चालीत आहे. १९१६ मध्ये एडवर्ड बर्नार्ड यांच्या लक्षात आलं की हा इतर कुठल्याही ताऱ्यापेक्षा वेगाने सरकतो, वर्षाला सुमारे १० विकला (विकला म्हणजे अंशाचा ३६००वा भाग). पूर्ण चंद्राच्या रुंदीएवढं अंतर तो पावणेदोनशे वर्षांत कापतो. दर उन्हाळ्यात त्याच दुर्बिणीतून त्याचं आणि शेजारच्या ताऱ्यांचं रेखाटन करून ठेवलं तर काही वर्षांत तो हललेला आपल्याच वहीत दिसतो. 'स्थिर तारे' हा शब्द किती सैल आहे, ते त्या वहीतून कळतं.

एवढी अंतरं मोजली कशी?

हात पुढे करून अंगठा धरा आणि आलटून-पालटून एकेक डोळा मिटा. अंगठा मागच्या भिंतीवर सरकल्यासारखा दिसतो. दोन डोळ्यांऐवजी पृथ्वीच्या कक्षेची दोन टोकं घ्या, म्हणजे सहा महिन्यांच्या अंतराने काढलेले वेध. जवळचा तारा लांबच्या ताऱ्यांवर किंचित सरकलेला दिसतो. हे किंचित म्हणजे किती? प्रॉक्झिमाचा पराशय, म्हणजे या सरकण्याचा अर्धा भाग, विकलेच्या पाऊण भागाएवढा. रुपयाचं नाणं सहा किलोमीटरवरून जेवढं दिसेल तेवढा. बेसेल यांनी १८३८ मध्ये ६१ सिग्नीसाठी असा पराशय पहिल्यांदा खात्रीलायक मोजला. थॉमस हेंडरसन यांनी मित्राचे वेध दक्षिण आफ्रिकेतल्या केपमधून त्याच्याही आधी, १८३२-३३ मध्ये घेतले होते, पण प्रसिद्ध केले १८३९ मध्ये. अलीकडचं काम हिप्पार्कस आणि गाया या युरोपीय उपग्रहांचं.

तिथे ग्रह आहेत का? तिथे जाता येईल का?

ग्रह आहेत. प्रॉक्झिमाभोवती ११.२ दिवसांत फेरी मारणारा ग्रह २०१६ मध्ये जाहीर झाला. तिथलं तापमान पाणी द्रवरूप राहण्याजोगं असू शकतं, पण प्रॉक्झिमा वारंवार भडकणारा तारा आहे, त्यामुळे हवा टिकली असेल का याचीच शंका. जाण्याचं म्हणाल तर व्हॉयेजर १ सेकंदाला १७ किलोमीटर जातं. त्या वेगाने प्रॉक्झिमाएवढं अंतर कापायला सुमारे ७५ हजार वर्षं लागतील.

दुर्बीण घ्यावी का?

आधी नाही. मित्र, व्याध, प्रश्वा, श्रवण हे चार नुसत्या डोळ्यांनी ओळखा, मग १०×५० ची द्विनेत्री (दहापट मोठं दाखवणारी, ५० मिलिमीटरच्या भिंगांची). त्या आधी एखाद्या मंडळाबरोबर रात्र काढा: पुण्यात १९४४ पासून ज्योतिर्विद्या परिसंस्था आहे, मुंबईची मंडळी वांगणी-नेरळकडे जातात. विदर्भात पेंच व्याघ्र प्रकल्पाला २०२४ मध्ये भारतातलं पहिलं 'डार्क स्काय पार्क' म्हणून मान्यता मिळाली. अंधार जपण्यासाठी कोणीतरी दिव्यांवर झाकणं बसवली, याचा मला फार आनंद आहे.

मुलांना यात गोडी कशी लावायची?

त्यांच्या वयाचा तारा शोधून द्या. साडेआठ वर्षांच्या मुलीला व्याध दाखवा आणि सांगा, तू जन्मलीस त्या सुमारास निघालेला प्रकाश आत्ता तुझ्या डोळ्यांत शिरतो आहे. साडेअकराला प्रश्वा, सतराव्या वर्षाच्या आत श्रवण, पंचविशीला अभिजित, सदतिशीला स्वाती, पासष्टीला रोहिणी. चार वर्षांच्या पोराला मेच्या रात्री जागं ठेवणं कठीण, पण दुपारी झोपवून घेतलंत तर मित्र त्याचाच. आणि घरात कोणाचं सहस्रचंद्रदर्शन झालेलं असेल तर मार्च-एप्रिलमध्ये त्यांना गच्चीवर खुर्ची टाकून बसवा आणि डोक्यावरची मघा दाखवा. ती ७९ प्रकाशवर्षांवर आहे. तो प्रकाश निघाला तेव्हा आजी नुकतीच चालायला, बोलायला लागली होती.